'कुणापैकी?' या प्रश्नाला उत्तर नसलेली माणसं: आफ्रिकेतल्या गुलामगिरीबद्दल

प्रश्न असा आला आहे: "अटलांटिकपारच्या गुलामांच्या व्यापाराचा विषय निघाला की कुणीतरी म्हणतं, आफ्रिकेत गुलामगिरी आधीपासून होतीच, त्यांनी आपल्याच बांधवांना विकलं. लगेच दुसरं कुणी म्हणतं, तिथली गुलामगिरी सौम्य होती, गुलाम घरचाच माणूस होऊन जायचा. यातलं खरं काय?"

आफ्रिकेचा इतिहास शिकवायला लागून मला सव्वीस वर्षं झाली. नवा वर्ग सुरू झाला की पहिल्या-दुसऱ्या आठवड्यात हा प्रश्न येतोच, आणि विचारणारा बहुतेकदा मनापासून विचारत असतो. म्हणून माझं मत आधीच सांगून टाकते. आफ्रिकेत गुलामगिरी होती, जुनी होती, युरोपीय जहाजं किनाऱ्याला लागण्याच्या कितीतरी आधीपासून होती. पण 'आपल्याच बांधवांना विकलं' हे चूक आहे आणि 'सौम्य होती' हेही चूक आहे. दोन्ही बोलणी एकाच जागी घसरतात. गुलाम म्हणजे नेमका कोण, हे विचारायचंच राहून जातं.

मराठीत आपण 'गुलाम' म्हणून मोकळे होतो. पण पेशवाईतले कागद चाळणाऱ्याला ठाऊक असतं की बटीक वेगळी, कुणबीण वेगळी, वेठीला धरलेला वेगळा आणि सालगडी वेगळा. आजच्या घानामधल्या असांते लोकांच्या ट्वी भाषेतही असेच वेगवेगळे शब्द आहेत. 'अकोआ' म्हणजे कुणाच्या तरी हुकमाखालचा माणूस. या अर्थाने मोठा सरदारसुद्धा राजाचा अकोआच. 'अवोवा' म्हणजे गहाण पडलेला. 'दोमुम' म्हणजे लढाईत धरून आणलेला. 'ओदोंको' म्हणजे बाजारातून विकत आणलेला परका, बहुधा उत्तरेच्या गवताळ मुलखातला, चेहऱ्यावर त्या मुलखाच्या खुणा कोरलेल्या. आणि 'अचेरे' म्हणजे ज्याचा मृत्यू आधीच ठरलेला आहे असा माणूस, पुढेमागे एखाद्या राजाच्या किंवा सरदाराच्या मर्तिकात मारला जायचा म्हणून राखून ठेवलेला.

यातला अवोवा आणि ओदोंको यांच्यातला फरक कळला की अर्धा विषय कळला. समजा, एका कुळाला सोन्याच्या भुकटीचं कर्ज काढायची वेळ आली. तारण म्हणून ते घरातला एक मुलगा किंवा मुलगी सावकाराकडे ठेवत. त्या मुलाची मेहनत हेच व्याज. मुद्दल मात्र तसंच राही. कर्ज फिटायला वर्षं लागत, कधी पिढी उलटे. पण सावकाराला तो मुलगा परस्पर विकता येत नसे, कारण त्याच्या मागे त्याचं कुळ उभं असे. जाब विचारायला येणारी माणसं होती. ओदोंकोच्या मागे विचारणारं कुणीच नव्हतं. काम कदाचित दोघांचं सारखंच, राहायची जागाही कदाचित एकच. फरक एवढाच, आणि तो फरक माणसाचं आयुष्य ठरवणारा.

आपल्याकडे खेड्यात नवखा माणूस दिसला की म्हातारी माणसं नाव विचारायच्या आधी विचारतात, "कुणापैकी?" उत्तर मिळालं की त्या माणसाला जागा मिळते: अमक्याचा भाचा, तमक्याच्या आजोळचा. गुलाम म्हणजे या प्रश्नाला उत्तर नसलेला माणूस. लढाईनं, अपहरणानं, दुष्काळानं किंवा पंचायतीच्या शिक्षेनं त्याचं उत्तर हिरावून घेतलेलं असतं. वर्गात मी व्याख्येकडे वळण्याआधी हे सांगते, आणि मुलांना ते लगेच पटतं.

पश्चिम आणि मध्य आफ्रिकेच्या बऱ्याच भागात जमीन मुबलक होती आणि माणसं कमी. जमीन विकत घेऊन श्रीमंत होण्याची पद्धत तिथे नव्हती. मोठा माणूस म्हणजे ज्याच्यामागे माणसं जास्त: बायका, मुलं, भाचे, आश्रित, गहाणवट आणि गुलाम. पैसा गुंतवायचा तर तो माणसांत. म्हणूनच सोनं किंवा कोला हे फळ विकून हातात चार पैसे आलेला असांते माणूस सालागाच्या बाजाराकडे बघे. सालागा हे आजच्या उत्तर घानातलं गाव. ते आजही विहिरींसाठी ओळखलं जातं. दूरवरून चालत आलेल्या कैद्यांना विक्रीआधी आंघोळ घालायची जागाही तिथे दाखवतात. तिचं नाव हौसा भाषेत 'वांकान बावा', म्हणजे गुलामाची आंघोळ. महिनोन्‌महिने चालवत आणलेल्या माणसाला धुऊन, अंगाला शीआ झाडाच्या बियांचं लोणी चोळून तकतकीत करायचं आणि मग गिऱ्हाइकासमोर उभं करायचं. बैलबाजार पाहिलेल्या माणसाला यापुढे काही सांगावं लागत नाही.

आता स्त्रियांबद्दल, कारण बहुतेक चर्चांमधून त्याच गळतात. आफ्रिकेच्या आत जे गुलाम राहिले त्यांत स्त्रियांची संख्या जास्त होती, आणि आतल्या बाजारांत तरुण स्त्रीला बहुधा पुरुषापेक्षा जास्त किंमत मिळे. ती शेतात राबे, पाणी-सरपण आणी, दळणकांडण करी, आणि तिला मुलं होत. असांते समाज मातृवंशीय. मूल आईच्या कुळाचं, वारसा मामाकडून भाच्याकडे. म्हणजे पुरुषाला स्वतःच्या बायकोपासून झालेली मुलं त्याच्या कुळाची नव्हेतच, ती मेहुण्याची. बायकोशी पटलं नाही तर ती मुलं घेऊन भावाकडे निघून जाई, आणि नवऱ्याला काही करता येत नसे. ओदोंको बायको केली तर? तिला भाऊ नाही, मामा नाही, कुळ नाही. तिची मुलं सगळी नवऱ्याच्या घरची. ती रुसून जाणार तरी कुठे? तिचं एकटेपण हाच तिचा गुण मानला गेला. 'गुलाम घरचाच माणूस होऊन जायचा' या वाक्याच्या मागे बहुतेक वेळा अशी एखादी बाई असते. तिला घरात घेतलं होतं हे खरं. तिला दुसरं घर उरलं नव्हतं म्हणूनच ते शक्य झालं होतं.

असांते राज्य १७०१ च्या सुमाराला उभं राहिलं, ओसेई तुतूच्या नेतृत्वाखाली. त्याच्या काळाशी एक नियम जोडला जातो: 'ओबी न्चेरे ओबी आसे', कुणी कुणाचं मूळ उघड करू नये. विकत आणलेल्या बाईचा नातू आज कुळात बसतो, सण करतो, त्याला "तुझी आजी कुठली?" असं चारचौघांत विचारायचं नाही. यामागे एक माणुसकी आहे आणि एक शहाणपणही आहे: जिंकलेले, विकत आणलेले, शरण आलेले असे सगळे एका राज्यात मुरवायचे तर मूळ झाकावं लागतं. ओदोंकोला लग्न करता येई, मालमत्ता ठेवता येई, स्वतःचा गुलामही घेता येई. वसाहतकाळात नोंदवलेल्या कायद्यांत हे सगळं आहे. पण विचारायला बंदी आहे याचाच अर्थ सगळ्यांना माहीत आहे. कुळ कर्जात बुडालं की गहाण टाकायला किंवा विकायला पहिलं कोण आठवे? त्या आजीचा नातूच. आणि मोठ्या माणसाच्या मर्तिकात माणसं लागली की ती या अशा, मागे कुणी नसलेल्यांतूनच उचलली जात.

'बांधवांना विकलं' या वाक्याकडे आता वळते. १६व्या शतकातल्या काँगो राज्यातल्या (आजच्या उत्तर अंगोलाच्या बाजूचं जुनं राज्य) माणसाला तू आफ्रिकन आहेस असं सांगितलं असतं तर त्याला काहीही बोध झाला नसता. तो काँगोचा होता. सीमेपलीकडचा तो परका. परक्याला, विशेषतः लढाईत हाती लागलेल्या परक्याला विकणं त्याला गैर वाटत नसे. आपल्या माणसाला विकणं मात्र गुन्हा होता. हे सगळ्यात स्वच्छ दिसतं ते काँगोचा राजा अफोन्सो याच्या पत्रव्यवहारात. त्याचं मूळ नाव न्झिंगा म्बेंबा. तो ख्रिस्ती होता, पोर्तुगीज लिहू-वाचू शके, आणि स्वतः गुलामांच्या व्यवहारात होता. १५२६ मध्ये त्यानं पोर्तुगालच्या राजाला कळवलं की तुमचे व्यापारी माझ्या राज्यातली स्वतंत्र माणसं, सरदारांची मुलं, माझे नातलगसुद्धा पळवून नेत आहेत आणि मुलूख ओस पडतो आहे. त्याच वर्षी त्यानं तपासणीसाठी तीन अधिकारी नेमले. विकायला आणलेला माणूस खरोखर कैदी आहे की स्वतंत्र, हे त्यांनी पाहायचं. वर्गात ही पत्रं वाचताना काही मुलं राजाच्या बाजूनं हळहळतात, काही त्याला ढोंगी म्हणतात. मला तो ढोंगी वाटत नाही. त्याच्या मनात माणसांच्या दोन जाती होत्या, आपली आणि परकी, आणि पोर्तुगीजांनी ती रेघ पुसायला घेतली होती. पुढे १६६५ च्या म्बविलाच्या लढाईनंतर काँगोत यादवी माजली आणि काँगोचे लोक काँगोच्याच लोकांकडून विकले जाऊ लागले. अफोन्सोला ज्याची भीती होती तेच घडलं.

सगळ्यांनी सारखंच केलं असंही नाही. आजच्या नायजेरियातल्या बेनिन राज्याच्या ओबानं, म्हणजे राजानं, १६व्या शतकाच्या पूर्वार्धात पुरुष कैद्यांची निर्यात थांबवली आणि ही बंदी दीर्घकाळ टिकली. मिरी, कापड, हस्तिदंत विकून त्याचं भागत होतं. आणि पोर्तुगीजांनी १४८२ मध्ये बांधलेल्या एल्मिनाच्या किल्ल्यावर तर सुरुवातीला गुलाम उतरवले जात होते. आतल्या अकान व्यापाऱ्यांना (असांते हे याच अकान लोकांपैकी) जंगल तोडायला, खाणीत उतरायला, माल वाहायला माणसं हवी होती, आणि पोर्तुगीजांना सोनं. १५०० ते १५३५ च्या दरम्यान दहा-बारा हजार माणसं अशी दुसऱ्या किनाऱ्यांवरून आणून सोन्याच्या बदल्यात विकली गेली, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. जो किनारा पुढे अमेरिकेकडे माणसं पाठवण्यासाठी कुप्रसिद्ध झाला, तो आधी गुलामांचा खरेदीदार होता.

मग मागणी वाढली. साडेतीन शतकांत सुमारे १ कोटी २५ लाख माणसं अटलांटिकच्या जहाजांवर चढवली गेली. पलीकडे जिवंत उतरली ती सुमारे १ कोटी ७ लाख. एवढं मोठं गिऱ्हाईक दारात उभं राहिल्यावर आतल्या जुन्या रीती तशाच राहणं शक्य नव्हतं. ज्या अपराधाला पूर्वी दंड होता त्याला विक्रीची शिक्षा होऊ लागली. आजच्या आग्नेय नायजेरियात अरोचुक्वु इथे इबिनी उकपाबी नावाचं देवस्थान होतं. लांबलांबचे लोक तंटे घेऊन तिथे कौल लावायला येत. ज्याच्या विरुद्ध कौल जाई त्याला देवानं गिळलं असं नातेवाइकांना सांगितलं जाई, आणि तो माणूस दुसऱ्या वाटेनं किनाऱ्याकडे विकायला नेला जाई. घरचे रडून परत जात. न्यायाच्या जागेचाच बाजार झाला होता. १९०१-०२ च्या मोहिमेत ब्रिटिशांनी ते स्थान उद्ध्वस्त केलं.

जहाजांवर पुरुष जास्त चढवले जात, साधारण दोन पुरुषांमागे एक स्त्री. मागे उरलेल्या स्त्रिया आतल्या घरांत आणि शेतांत जिरवल्या गेल्या. म्हणजे बाहेरचा व्यापार आणि आतली गुलामगिरी या दोन वेगळ्या गोष्टी नव्हत्याच. एकाच मोहिमेत पकडलेल्या भावंडांतला भाऊ ब्राझीलला जाई आणि बहीण असांतेंच्या राजधानीला, कुमासीला.

आणि आता जी गोष्ट ऐकून मुलांना धक्का बसतो ती. आफ्रिकेच्या आत गुलामगिरी सगळ्यात जास्त पसरली ती १९व्या शतकात, ब्रिटननं १८०७ मध्ये हा व्यापार बेकायदा केल्यानंतर. कैदी पकडणारी यंत्रणा उभीच होती, बाहेरचं गिऱ्हाईक हळूहळू कमी झालं, माणसं स्वस्त झाली. त्याच वेळी युरोपला साबणासाठी आणि यंत्रांच्या वंगणासाठी पामतेल हवं होतं, तेलासाठी भुईमूग हवा होता. ज्याला 'सनदशीर व्यापार' म्हटलं गेलं तो माल पिकवायला हीच माणसं लावली गेली. दाहोमेचा (आजच्या बेनिन देशातलं राज्य) राजा गेझो यानं १८५२ मध्ये निर्यातबंदीचा करार केला, पण पामच्या बागांत गुलामच होते. असांतेंनी कोला उत्तरेला पाठवला आणि बदल्यात ओदोंको आणले. सगळ्यात मोठा आकडा आजच्या उत्तर नायजेरियातल्या सोकोतोच्या खिलाफतीचा. उस्मान दान फोदियोच्या १८०४ च्या जिहादातून उभ्या राहिलेल्या या राज्यात १९०० च्या सुमाराला १० ते २५ लाख गुलाम असावेत, असे अंदाज आहेत. जगातल्या मोठ्या गुलाम-समाजांपैकी हा एक. तिथल्या मळ्यांच्या वस्त्यांना 'रिंजी' म्हणत. शहरातल्या काही गुलामांना 'मुर्गू' देऊन, म्हणजे मालकाला ठरलेली रक्कम भरून, स्वतःचा धंदा करता येई. राजाचे गुलाम तर खजिना आणि घोडदळ सांभाळत. अहमदनगरच्या निजामशाहीत मलिक अंबरला पाहिलेल्या आपल्याला याचं नवल वाटायला नको. १५४८ च्या सुमाराला इथिओपियात जन्मलेला, हातोहात विकला गेलेला तो मुलगा इथे राज्याचा कर्ता झाला, आणि त्याला विकत घेणारा चंगीझखानही मूळचा हबशी गुलामच होता. एक गुलाम वजीर होऊ शके म्हणून ती पद्धत सौम्य ठरत नाही. राजाला गुलामच सेनापती हवा असे, कारण त्याच्यामागे गादी मागणारे भाऊबंद नसत.

पूर्वेला झांझिबार बेटावर लवंगेचे मळे होते. ओमानच्या सय्यद सईदनं १८४० च्या सुमाराला आपली राजधानीच तिथे हलवली. आतल्या न्यासा सरोवराकडून किल्वा बंदरामार्गे गुलाम माणसं यायची. तिथल्या जकातीचा मक्ता दीर्घकाळ कच्छच्या जयराम शिवजींच्या पेढीकडे होता, आणि आत जाणाऱ्या काफिल्यांना उधारीवर कापड देणारे बरेच व्यापारी हिंदी होते. हस्तिदंत मुंबईला येई, त्याच्या बांगड्या लग्नात घातल्या जात. हा भाग मी वगळत नाही. वर्गात थोडा वेळ शांतता पसरते, आणि ती पसरायला हवी.

सौम्यपणाचा निकाल खुद्द गुलामांनीच दिला आहे. आजच्या मालीमध्ये, बामाकोच्या उत्तरेला बानांबा नावाचं व्यापारी गाव आहे. तिथल्या मारका या मुसलमान व्यापारी कुटुंबांच्या शेतांवर गुलाम आठवड्यातले पाच-सहा दिवस सकाळपासून दुपारच्या नमाजापर्यंत मालकासाठी राबत आणि उरलेल्या वेळात स्वतःच्या तुकड्यावर. कागदावर हे ठीक वाटतं. १९०५ मध्ये ते मालकांना सोडून निघाले. फ्रेंच अधिकाऱ्यांनी आधी समजूत घालून थांबवायचा प्रयत्न केला. पुढच्या वर्षी ते हजारोंनी चालू लागले. बरेच जण वासुलूकडे, आपल्या मूळ मुलखाकडे गेले. सामोरी तूरे या राज्यकर्त्याच्या लढायांत जाळली गेलेली गावं होती ती. तिथे घर नव्हतं, गुरं नव्हती, बियाणं नव्हतं. तरी गेले. कारण तिथे "कुणापैकी?" ला उत्तर होतं. पुढच्या काही वर्षांत फ्रेंच पश्चिम आफ्रिकेत असे लाखो लोक मालकांना सोडून गेले. सगळे मात्र गेले नाहीत, हेही सांगायला हवं. ज्यांचा जन्मच मालकाच्या गावातला, ज्यांना परतायला गाव आठवत नव्हतं, त्यांनी राहून नव्या अटी पदरात पाडून घेतल्या.

याच गोष्टीचा एक धागा नाशिकला येतो. हिंदी महासागरात ब्रिटिश नौदलानं सोडवलेली आफ्रिकन मुलं मुंबईला उतरवली जात, आणि त्यातली बरीच नाशिकजवळ शरणपूरच्या मिशनमध्ये शिकली: सुतारकाम, लोहारकाम, लिहिणं-वाचणं. आफ्रिकेत फिरलेला संशोधक-मिशनरी लिव्हिंगस्टन याचं पार्थिव किनाऱ्यापर्यंत आणणाऱ्यांतला जेकब वेनराइट इथलाच. १८७३ मध्ये झांझिबारचा बाजार बंद करणारा करार झाला. त्याच्या वाटाघाटींसाठी गेलेले बार्टल फ्रिअर हे मुंबईचे माजी गव्हर्नर. त्यानंतर शरणपूरची माणसं मोंबासाजवळ फ्रिअरटाउन आणि राबाई इथे वसायला गेली. राबाईचा कारभार बघणारा विल्यम जोन्स स्वतः लहानपणी गुलाम म्हणून पकडला गेलेला, नाशकात शिकलेला. किनाऱ्यावरच्या स्वाहिली मालकांकडून पळालेले गुलाम, तिकडच्या भाषेत 'वातोरो', त्याच्याकडे येऊ लागले. मालक चिडले, मिशनचे वरिष्ठ बिचकले, पण जोन्सनं माणसं परत दिली नाहीत. शेवटी मालकांना भरपाई देऊन १ जानेवारी १८८९ ला राबाईत सुमारे १,४०० जणांना मुक्तीचे कागद वाटले गेले. गुलामगिरी घरच्यासारखी होती असं म्हणणाऱ्याला मी या १,४०० माणसांबद्दल विचारते.

कायदे एकेक करून आले: गोल्ड कोस्टमध्ये (आजचा घाना) १८७४, झांझिबारमध्ये १८९७, उत्तर नायजेरियात पुरती बंदी १९३६, इथिओपियात १९४२, मॉरिटानियात तर १९८१, आणि तिथे तो फौजदारी गुन्हा ठरायला २००७ उजाडलं. 'त्यांनी आपल्याच बांधवांना विकलं' असं म्हणून जो दोष दिला जातो त्याबद्दल माझं म्हणणं सरळ आहे. दाहोमेच्या राजांनी, अरोचुक्वुच्या अरो व्यापाऱ्यांनी, सोकोतोच्या अमीरांनी जे केलं त्याचा जबाब त्यांच्याकडे मागायचा, आणि तो आज घाना-नायजेरियातले इतिहासकार मोकळेपणानं मागतातही. पण त्यामुळे गिऱ्हाइकाचा हिशेब कमी होत नाही. अमेरिकेत वंशच गुलामीची खूण ठरला आणि ती खूण पिढ्यान्‌पिढ्या कातडीवर राहिली. असांतेमध्ये खूण झाकता येत होती. ही दोन वेगळी दुःखं आहेत, त्यांची तुलना करून एकाला हलकं ठरवू नये.

झाकलेली खूण मात्र अजून पुसलेली नाही. घानामध्ये गादीच्या वारसाचा वाद कोर्टात गेला की कधीकधी समोरच्याची पणजी विकत आणलेली होती असा मुद्दा येतो, आणि तो जुना नियम मोडला जातो. आग्नेय नायजेरियातल्या इग्बो लोकांत देवाला वाहिलेल्या माणसांच्या वंशजांना 'ओसू' म्हणतात. पूर्व नायजेरियात १९५६ मध्ये कायद्यानं हा भेद रद्द झाला. तरी आजही काही घरांत लग्न ठरायच्या आधी मुलाकडची वडीलधारी माणसं मुलीच्या गावी चौकशीला जातात. शेती, शिक्षण, आजारपणं, सगळं विचारून होतं, आणि उठता उठता कुणीतरी आवाज खाली आणून विचारतं, की ही माणसं मूळची कुणापैकी.